टोनर आपला, प्रिंटर आपला, मग हुकूम कोणाचा?



आजचा विषय कुठल्याही इयत्तेच्या पुस्तकातला नाही. पण आपला अर्धा अभ्यासक्रम ज्या यंत्रातून कागदावर उतरतो, त्या यंत्राचा आहे. शाळेतला लेझर प्रिंटर. सराव प्रश्नपत्रिका, शिष्यवृत्तीचे संच, प्रगतीपत्रके, शाळा सोडल्याचे दाखले, पोषण आहाराचे तक्ते, यूडायस प्लसच्या प्रती, सगळं त्याच्यातूनच बाहेर पडतं. आणि हा गडी नेमका चाचणीच्या आदल्या दिवशी अडून बसतो. कागद अडकलेला नसतो, काही मोडलेलं नसतं. टोनर कालच भरून आणलेला असतो, डबी पावडरने भरलेली असते. तरी लाल दिवा काही जात नाही. संगणकावर सूचना येते की कार्ट्रिज संपले आहे, किंवा ते अस्सल नाही, नवीन बसवा.

मग रिफिलवाला सांगतो, "सर, याचं फर्मवेअर मारून घ्या. परत चिपची कटकट नाही." हा सल्ला तुम्हालाही कधी ना कधी मिळाला असेल. घ्यावा की न घ्यावा? माझं मत आधीच सांगून टाकतो. पैसे मोजून घेतलेल्या प्रिंटरमध्ये भरलेला टोनर वापरणे हा मालकाचा साधा हक्क आहे, आणि त्यासाठी प्रिंटरच्या आतला प्रोग्राम बदलावा लागला तर त्यात चोरी नाही. पण शाळेचा प्रिंटर हा तुमचा-माझा नसतो, आणि हे 'मारून घेणे' वाटते तितके निर्धोकही नसते. म्हणून हक्क आहे म्हणून लगेच हात घालू नका, असंही मी म्हणतो. ही दोन्ही मतं एका माणसाची कशी, ते पुढे बघू.

आधी टोनर म्हणजे काय ते समजून घेऊ. बऱ्याच जणांना ती शाई वाटते. ती शाई नाही, ते बारीक दळलेलं प्लॅस्टिक आहे, त्यात काळा रंग आणि थोडं मेण. प्रिंटरमध्ये एक गुळगुळीत नळकांडं असतं, त्याला ड्रम म्हणतात. त्यावर विजेचा स्थिर भार दिला जातो, लेझरचा किरण जिथे पडतो तिथला भार बदलतो, आणि पावडर अक्षरांच्या आकारात तेवढ्याच जागी चिकटते. मग ती कागदावर उतरते आणि साधारण २०० अंशांच्या आसपास तापलेल्या फ्युजरखाली वितळून कागदाला धरून बसते. विज्ञानात आपण स्थिर विद्युत शिकवतो, फुग्याला चिकटणारे कागदाचे कपटे दाखवतो, तेच हे. चेस्टर कार्लसन याने २२ ऑक्टोबर १९३८ रोजी न्यूयॉर्कच्या अ‍ॅस्टोरिया भागात या पद्धतीने पहिली प्रत काढली. त्या पद्धतीवरून आलेलं कंपनीचं नाव मराठीत इतकं मुरलं की आपण आजही दुसऱ्या कंपनीच्या मशीनवर 'झेरॉक्स' काढतो. पुढे त्याच कंपनीत गॅरी स्टार्कवेदर यांनी या पद्धतीला लेझर जोडला.

म्हणजे टोनर ही भरायची वस्तू आहे. कंदिलात रॉकेल भरावं तशी. आपल्या लहानपणी शाईच्या पेनात कॅमलची शाई भरली काय किंवा चेलपार्कची भरली काय, पेन तक्रार करत नसे. फार तर गळत असे!

प्रिंटर तक्रार करतो, कारण कार्ट्रिजवर नखाएवढी एक चिप चिकटवलेली असते. तिच्यात थोडीशी स्मृती असते. कार्ट्रिज कोणत्या कंपनीचं, कोणत्या देशासाठी, किती पानांचं, हे तिच्यात लिहिलेलं असतं आणि प्रिंटर त्यात छापलेल्या पानांचा हिशेब लिहीत जातो. गंमत अशी की कित्येक छोट्या प्रिंटरांमध्ये डबीत पावडर खरंच किती उरली हे पाहणारा सेन्सर नसतोच. छापलेले ठिपके आणि पाने मोजून प्रिंटर अंदाज बांधतो. अंदाज संपला की टोनर 'संपला'. तुम्ही डबी हलवून बघता तर आत पावडर खुळखुळते आहे. आणि रिकामी डबी भरून आणली तरी चिपवरचा हिशेब तसाच राहतो, कारण पावडर भरणाऱ्याने चिपवरचं काही बदललेलं नसतं. मग तो शंभर-दोनशे रुपयांची नवी चिप आणून चिकटवतो. ती चालते. काही महिन्यांनी प्रिंटर इंटरनेटवरून आपोआप अद्ययावत होतो आणि ती चिपही नाकारतो.

आता हिशेब करू, आपला तो प्रांतच आहे. २८ पटाची जिल्हा परिषद शाळा धरा. आठवड्याला प्रत्येक मुलाला सरावाची ४ पाने द्यायची, वर्षाचे ३५ आठवडे. २८ गुणिले ४ गुणिले ३५ म्हणजे ३,९२० पाने. घरगुती प्रिंटरची छोटी कार्ट्रिज १,००० पानांची असतात, म्हणजे वर्षाला चार. पण थांबा. ही १,००० पाने आयएसओच्या १९७५२ या मानकाने मोजलेली असतात आणि त्यात पानाचा साधारण ५ टक्के भागच काळा धरलेला असतो. म्हणजे एखादं छोटंसं पत्र. आपल्या प्रश्नपत्रिकेत चित्रे असतात, चौकटी असतात, पहिलीच्या मुलांसाठी ठसठशीत मोठी अक्षरे असतात. ५ चे १० टक्के झाले की चाराची आठ कार्ट्रिज. आता तुमच्या बाजारातल्या अस्सल कार्ट्रिजच्या किमतीने ८ ला गुणा, आणि दुसरीकडे भरून घेण्याच्या दराने गुणा. ३० पर्यंत पट असलेल्या शाळेला समग्र शिक्षामधून संयुक्त शाळा अनुदान मिळतं वर्षाला १०,००० रुपये. त्यातले किमान १० टक्के स्वच्छतेसाठी. उरलेल्या ९,००० मध्ये वीजबिल, खडू, रंगरंगोटी, दुरुस्ती आणि हा टोनर. दोन्ही गुणाकारांतला फरक शेवटी कोणाच्या खिशातून जातो, हे तुम्हाला सांगायला नको. आणि खिसाही नसेल तर मुलांचे सराव संच कमी होतात. फळ्यावर लिहून द्या, मुलं उतरवून घेतील, असं म्हणायचं. दुसरीतलं मूल चित्र बघून गोष्ट लिहायचा प्रश्न फळ्यावरून कसा उतरवून घेणार?

प्रिंटर स्वस्त आणि टोनर महाग, हे काही चुकून झालेलं नाही. चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला हा या धंद्याचा पायाच आहे. कंपनी प्रिंटरवर कमी कमावते आणि वर्षानुवर्षे टोनरवर कमावते. तो तिचा व्यापारी निर्णय, त्याला माझी हरकत नाही. माझी हरकत पुढच्या पायरीला आहे. तुम्ही तो मसाला दुसरीकडून आणू नये म्हणून तुमच्याच घरात पहारेकरी बसवायचा, आणि त्याचा पगार तुमच्याकडूनच घ्यायचा.

तो पहारेकरी म्हणजे फर्मवेअर. प्रिंटरच्या आतल्या बोर्डावर कायम राहणारा प्रोग्राम. दिवे लावणे, कागद ओढणे, फ्युजर तापवणे हे सगळं तोच सांभाळतो, आणि चिप तपासणारे काही थोडे आदेशही त्याच्यातच असतात. 'फर्मवेअर मारणे' म्हणजे मूळ प्रोग्राममधले ते तपासणीचे आदेश बाजूला करून बदललेला प्रोग्राम यूएसबीने प्रिंटरमध्ये चढवणे. सॅमसंगच्या छोट्या लेझर प्रिंटरांसाठी हा प्रकार फार वर्षांपासून चालतो. २०१७ मध्ये सॅमसंगचा प्रिंटर व्यवसाय एचपीने विकत घेतला, त्यामुळे एचपीच्या नावाने मिळणारे काही छोटे लेझर प्रिंटर मुळात सॅमसंगच्याच घराण्यातले आहेत, आणि त्यांनाही हीच मात्रा लागू पडते. प्रिंटरकडून एक अहवाल छापून घेतात, त्यावरचा अनुक्रमांक आणि फर्मवेअरची आवृत्ती पाहून फाइल तयार करतात, ती चढवतात, आणि चिपवर चिकटपट्टी लावतात किंवा ती काढूनच टाकतात. त्यानंतर प्रिंटर टोनरची मोजणी विचारत नाही. अक्षर फिकट पडलं की समजायचं, भरायची वेळ झाली. सगळ्या प्रिंटरांना हे जमत नाही. नव्या मॉडेलांपैकी अनेकांत कंपनीची डिजिटल सही नसलेला प्रोग्राम आत घेतलाच जात नाही.

हा वाद आपल्या तालुक्याच्या रिफिलच्या दुकानात सुरू झालेला नाही. तो अमेरिकेच्या न्यायालयांत दोनदा गाजला आणि दोन्ही वेळा प्रिंटर कंपनी हरली. ही गोष्ट थोडी सविस्तर सांगतो, कारण मालकी म्हणजे काय हे समजावणारं इतकं चांगलं उदाहरण नागरिकशास्त्राच्या पुस्तकातही सापडत नाही.

लेक्समार्क ही केंटकीतली प्रिंटर कंपनी. तिने काही कार्ट्रिज सवलतीत विकली, अट अशी की एकदा वापरून रिकामं कार्ट्रिज कंपनीलाच परत करायचं. अट पाळली जावी म्हणून चिप. स्टॅटिक कंट्रोल कॉम्पोनंट्स या दुसऱ्या कंपनीने त्या चिपसारखी चिप बनवून रिफिल करणाऱ्यांना विकायला सुरुवात केली. २००२ च्या शेवटी लेक्समार्कने खटला भरला. म्हणणं काय, तर आमच्या चिपमधला टोनर मोजणारा छोटा प्रोग्राम तुम्ही नकलला, ही कॉपीराइटची चोरी. आणि आमचं डिजिटल कुलूप तोडलं, हा वेगळा गुन्हा. तो प्रोग्राम केवढा होता? एका मॉडेलसाठी ३७ बाइट आणि दुसऱ्यासाठी ५५ बाइट. संगणकावर देवनागरीतलं एकेक चिन्ह सर्रास ३ बाइट घेतं. म्हणजे ५५ बाइटांत आपली जेमतेम १८ चिन्हं बसतील. या लेखाचं शीर्षकसुद्धा त्यात मावणार नाही! खालच्या न्यायालयाने सुरुवातीला लेक्समार्कच्या बाजूने मनाई हुकूम दिला होता. ऑक्टोबर २००४ मध्ये अपिलाच्या न्यायालयाने तो उठवला. ज्याने प्रिंटर विकत घेतला त्याला आतला प्रोग्राम वापरायची मुभा त्या खरेदीनेच मिळालेली असते, मग कुलूप तोडलं कुठलं, अशा आशयाचं उत्तर न्यायालयाने दिलं. मागच्या दाराला कुलूप आणि पुढचं दार सताड उघडं, अशा घराला कुलूपबंद म्हणत नाहीत.

कॉपीराइटने जमेना म्हणून पुढे पेटंटचा रस्ता. इम्प्रेशन प्रॉडक्ट्स नावाची वेस्ट व्हर्जिनियातली छोटी कंपनी वापरलेली कार्ट्रिज भरून विकायची. लेक्समार्क म्हणाली, कार्ट्रिज आम्ही विकलं असलं तरी त्यावर पेटंट आमचं आहे, पुन्हा भरायला बंदी आहे. हे प्रकरण थेट अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेलं. ३० मे २०१७ रोजी निकाल आला. सरन्यायाधीश जॉन रॉबर्ट्स यांनी त्यात जुन्या गाड्या दुरुस्त करून विकणाऱ्या गॅरेजचं उदाहरण घेतलं. गाडीतल्या हजारो सुट्या भागांवर कोणाकोणाची पेटंटं असतात. प्रत्येक जण विक्रीनंतरही हक्क सांगू लागला तर गॅरेज चालायचंच नाही. निकालाचं सार एवढंच की वस्तू एकदा विकली की तिच्यावरचा पेटंटचा हक्क तिथे संपला, मग विक्री देशात झालेली असो की परदेशात. आपल्याकडे कोल्हापूरला मोटारीच्या गॅरेजमध्ये किंवा पुण्याला जुन्या सायकलींच्या दुकानात हे कोणाला समजावून सांगायला लागलं नसतं. पण न्यायालयाच्या निकालाने कायद्याचा हक्क मिळतो, फर्मवेअर बदलत नाही. प्रिंटर निकाल वाचत नाही.

आणि ती चिप खरंच छपाईसाठी लागते का? याचं उत्तर एका कंपनीनेच देऊन टाकलं. २०२२ च्या जानेवारीत जगभर चिपांचा तुटवडा होता. कॅननलाही आपल्या कार्ट्रिजवर लावायला चिप मिळेनात. तेव्हा जर्मनीतल्या ग्राहकांना कंपनीनेच कळवलं की काही ऑफिस मशीनांसाठी आम्ही चिप नसलेली अस्सल कार्ट्रिज पाठवत आहोत, मशीन ती ओळखणार नाही आणि इशारा दाखवेल, तो बंद करून काम पुढे चालू ठेवा. छपाईच्या दर्जात फरक पडणार नाही, फक्त टोनर किती उरला ते नीट कळणार नाही. आपला रिफिलवाला वेगळं काय सांगत होता?

एचपीचं प्रकरण जास्त गाजलं. सप्टेंबर २०१६ मध्ये तिच्या काही ऑफिसजेट प्रिंटरांनी, म्हणजे शाईवाल्या, लेझर नव्हेत, एका दिवशी अचानक इतर कंपन्यांची कार्ट्रिज नाकारायला सुरुवात केली. काल चालणारी आज चालेनात. ओरड झाल्यावर कंपनीने नीट कळवलं नाही याबद्दल दिलगिरी व्यक्त केली आणि तो अडसर नसलेलं फर्मवेअर, ज्यांना हवं त्यांच्यासाठी, उपलब्ध करून दिलं. धोरण मात्र पूर्ण सोडलं नाही. डिसेंबर २०२० मध्ये इटलीच्या स्पर्धा नियामकाने एचपीला १ कोटी युरोंचा दंड केला, कारण ही बंधने ग्राहकांना पुरेशी स्पष्ट सांगितली नव्हती. मला यातला मुद्दा मोलाचा वाटतो तो असा, की खोक्यावर मोठ्या अक्षरांत लिहा ना, 'यात फक्त आमचंच कार्ट्रिज चालेल'. मग घेणारा विचार करून घेईल. लग्नात हुंडा ठरवायचा नाही आणि वरात दारात आल्यावर मागायचा, तसला हा कारभार.

कंपन्यांची बाजू अगदीच पोकळ आहे असं मात्र समजू नका. २०११ मध्ये कोलंबिया विद्यापीठातले संशोधक अँग कुई आणि प्राध्यापक साल्वातोरे स्टोल्फो यांनी दाखवून दिलं की एचपीच्या काही लेझरजेट प्रिंटरांना छपाईसाठी पाठवलेल्या फाइलमधूनच नवं फर्मवेअर गळी उतरवता येतं. प्रिंटर ते कोणाकडून आलं हे तपासतच नव्हता. म्हणजे कोणीतरी पाठवलेला बायोडाटा छापायला दिला आणि प्रिंटर दुसऱ्याच्या ताब्यात गेला, असं होऊ शकत होतं. त्यानंतर कंपनीने दुरुस्त्या काढल्या. डिजिटल सही तपासण्यामागे हे खरं कारण आहे, आणि ते मला मान्य आहे. पण चोराला बाहेर ठेवणारं कुलूप वेगळं आणि मालकाला बाहेर ठेवणारं कुलूप वेगळं. पहिल्याची चावी मालकाकडे असते. प्रिंटरच्या कुलपाची चावी मालकाकडे नाहीच. सुरक्षेचं कारण सांगायचं आणि त्याच कुलपाने टोनरची बाजारपेठ बंद करायची, इथे माझा विरोध आहे.

आणि हे आजचं नाही बरं का. १९८० च्या सुमारास अमेरिकेतल्या एमआयटीच्या प्रयोगशाळेत रिचर्ड स्टॉलमन नावाचा एक प्रोग्रामर काम करत होता. प्रयोगशाळेच्या जुन्या प्रिंटरमध्ये कागद अडकला की सगळ्यांच्या संगणकावर निरोप जावा, अशी सोय त्याने प्रोग्राम बदलून केली होती. मग झेरॉक्सचा नवा लेझर प्रिंटर भेट म्हणून आला. तोही अडकायचा. पण त्याचा सोर्स कोड कंपनीने दिला नव्हता, आणि दुसऱ्या विद्यापीठातल्या ज्या माणसाकडे तो होता त्याने गुप्ततेच्या करारामुळे द्यायला नकार दिला. स्टॉलमन हे विसरला नाही. २७ सप्टेंबर १९८३ रोजी त्याने ग्नू प्रकल्पाची घोषणा केली, आणि मुक्त सॉफ्टवेअरची चळवळ तिथून उभी राहिली. आज अनेक शाळांत उबुंटू चालतं, त्याच्या वंशावळीत कुठेतरी एक अडकलेला प्रिंटर आहे.

एवढं सगळं ऐकल्यावर तुम्ही म्हणाल, मग मारूनच घेऊ की फर्मवेअर! आता माझी दुसरी बाजू ऐका.

पहिली गोष्ट परवानगीची. घरचा प्रिंटर असेल तर तुम्ही मुखत्यार. शाळेचा प्रिंटर डेड स्टॉक रजिस्टरला नोंदलेला असतो. उत्साही शिक्षक रविवारी दुकानदाराला बोलावून प्रयोग करतो, प्रिंटर बंद पडतो, आणि सोमवारी मुख्याध्यापकांना कळतं. असं नको. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं ४३ वं कलमही मालकाच्या किंवा ज्याच्या ताब्यात यंत्र आहे त्याच्या परवानगीवरच बोट ठेवतं. शाळा व्यवस्थापन समितीच्या सभेत विषय ठेवा, दोन ओळींचा ठराव घ्या. आपली बाजू न्यायाची असेल तर ती सगळ्यांदेखत मांडायला काय हरकत आहे? वॉरंटीत असलेल्या प्रिंटरला तर हातच लावू नका.

दुसरी गोष्ट मला सगळ्यात जास्त काळजीची वाटते. ती बदललेली फाइल येते कुठून? कोणीतरी पाठवलेल्या लिंकवरून. सोबत एक छोटा प्रोग्राम असतो, तो शाळेच्या संगणकावर चालवायचा. "अँटिव्हायरस थोडा वेळ बंद करा" अशी सूचनाही असते. जरा विचार करा, त्याच संगणकावर काय काय आहे. यूडायसचं लॉगिन, शालार्थची पगारबिलं, मुलांचे आधार क्रमांक, पालकांची बँक खाती. टोनरचे पैसे वाचवायला अनोळखी माणसाला एवढ्या खोलीची किल्ली द्यायची? हे करायचंच असेल तर ज्यावर शाळेची कसलीच माहिती नाही असा जुना, नेट नसलेला संगणक वापरा, आणि ज्याचं दुकान आहे, जो उद्याही भेटणार आहे, अशाच माणसाकडून करून घ्या. बदललेला प्रिंटर शाळेच्या नेटवर्कला न जोडता यूएसबीनेच वापरलेला बरा.

तिसरी गोष्ट विजेची. फर्मवेअर चढत असताना मध्येच लाइट गेली तर प्रिंटरचा नुसता डबा होतो. तुम्ही म्हणाल यूपीएस लावू. पण फ्युजर तापताना इतका भार घेतो की लेझर प्रिंटर लहान यूपीएसला जोडू नका असं कंपन्याच सांगतात. आपल्याकडे सकाळी अकरा ते चार लाइट कधी जाईल याचा भरवसा नाही, तिथे हा जुगार आहे.

कायद्याचं थोडक्यात. आपल्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली ६५अ हे कलम आलं. डिजिटल कुलूप तोडणं त्यात गुन्हा आहे, पण कॉपीराइटचा भंग करण्याच्या हेतूने तोडलं तर. स्वतःच्या प्रिंटरमध्ये दुसरी पावडर वापरणाऱ्याचा हेतू पुस्तक किंवा सिनेमा चोरण्याचा नसतो. कंपनीच्या प्रोग्रामच्या बदललेल्या प्रती काढून विकण्याचा धंदा करणं मात्र वेगळं, तिथे कॉपीराइटचा प्रश्न सरळ उभा राहतो. केंद्र सरकारच्या ग्राहक व्यवहार विभागाने २०२२ मध्ये दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली आणि त्याच वर्षी २४ डिसेंबरला, ग्राहक दिनी, पोर्टल सुरू केलं. चांगलं झालं. पण पोर्टल म्हणजे कायदा नव्हे. १ एप्रिल २०२३ पासून लागू झालेल्या ई-कचरा नियमांच्या यादीत प्रिंटर कार्ट्रिजसकट आहे, त्याची विल्हेवाट लावण्याची जबाबदारी उत्पादकावर टाकलेली आहे. जे कार्ट्रिज तीन वेळा भरता येतं ते एका वापरात कचरा ठरवणाऱ्या चिपबद्दल सरकारने उत्पादकाला प्रश्न विचारायला हवा. ही मागणी ग्राहक पंचायतींनी लावून धरावी असं मला मनापासून वाटतं, आणि शिक्षक संघटनांनीही. आपण काय लहान ग्राहक आहोत का? राज्यातल्या शाळा मिळून किती प्रिंटर घेत असतील!

पण कायदा बदलेपर्यंत चाचण्या थांबत नाहीत. म्हणून माझा जोर फर्मवेअरपेक्षा खरेदीवर आहे. एचपीचा जुना लेझरजेट १०२० आणि कॅननचा एलबीपी २९०० हे कितीतरी शाळांत आणि ग्रामपंचायतींत अजून का टिकून आहेत? त्यांच्या कार्ट्रिजवर चिपच नाही. भरा आणि छापा. ब्रदरच्या एचएल-एल२३२१डी सारख्या प्रिंटरच्या टोनरला चिपऐवजी एक दातेरी चक्र असतं, ते मूळ जागी फिरवलं की मोजणी पुन्हा शून्यावर येते, आणि त्याचा ड्रमही टोनरपासून वेगळा असतो. नवा प्रिंटर घेताना खोक्यावरच्या किमतीला भुलू नका. आधी रिफिलवाल्याकडे जा, मॉडेलचं नाव सांगा, चिप आहे का विचारा. तो दोन मिनिटांत खरं काय ते सांगेल, कारण रोज हात काळे त्याचेच होतात. असलेला प्रिंटर चिपवाला असेल पण भरलेल्या टोनरवर सध्या चालत असेल, तर मेन्यूत जाऊन आपोआप अद्ययावत होणं बंद करून ठेवा. हे काम फुकट आहे, आणि बहुतेकांची अडचण त्यानेच टळते.

भरलेल्या टोनरलाही नावं ठेवायला जागा आहे, ती लपवणार नाही. हलकी पावडर नीट वितळत नाही, अक्षर बोटाने पुसलं जातं किंवा फ्युजरला चिकटून पुढच्या पानांवर डाग येतात. भरताना टाकाऊ पावडरचा कप्पा रिकामा केला नाही तर तो भरून वाहू लागतो आणि दाखल्यावर काळी पट्टी उमटते. ती टाकाऊ पावडर पुन्हा वापरणारे महाभागही आहेत. म्हणून भरताना समोर उभे राहा. तीन-चार वेळा भरल्यावर ड्रम आणि ब्लेड बदलून मागा. वर्गात किंवा मुलांच्या हातून टोनर कधीही भरू नका. सांडला तर गार पाण्याच्या ओल्या फडक्याने पुसा, कपड्यांवर पडला तर झटकून गार पाण्यानेच धुवा. गरम पाण्याने ते प्लॅस्टिक मऊ होऊन चिकटून बसतं.

शेवटी खरेदी समितीवर असणाऱ्यांसाठी एक काम. पुढच्या वेळी प्रिंटरचं कोटेशन मागवाल तेव्हा किमतीच्या रकान्याशेजारी हे तीन रकाने वाढवा: कार्ट्रिजवर चिप आहे का; दुसऱ्या कंपनीचा किंवा पुन्हा भरलेला टोनर चालतो का; फर्मवेअर अद्ययावत झाल्यावरही तो चालेल अशी लेखी हमी विक्रेता देतो का. तिसऱ्या रकान्यात बहुतेक जण काहीच लिहिणार नाहीत. रिकामे रकाने तसेच इतिवृत्तात नोंदवा, आणि ज्याने पहिल्या दोन रकान्यांत सरळ उत्तर दिलं असेल त्याचा प्रिंटर आधी पाहा.